उंबऱ्याला दिलेली पोर

"दादा, माझ्या बारशाला किती माणसं आली होती?"

वच्छलानं बापाला विचारून टाकलं आणि भाकरीचा तुकडा तोंडात घातला. शाळेत मैत्रिणींनी पैज लावली होती. "उंबरकऱ्याला मागचं काहीच आठवत नाय म्हणं. हिंमत असंल तर बापाला बारसं विचार," असं शैला म्हणाली होती. आणि नववीत गेलेली, परवाच्या संमेलनात भाषण ठोकून टाळ्या घेतलेली वच्छला असल्या पैजेला थोडीच भिणार!

पुंजारामनं ताटावरून मान वर केली नाही. "दिलं असंल."

"कुणाला?"

"उंबऱ्याला."

या गोष्टीतल्या औरंगाबादेत शहराच्या दर दरवाज्याला एक उंबरकरी असायचा, पुंजाराम त्यातलाच एक. चिकलठाण्याच्या माळावरून सुनं वारं यायचं. ते ज्याला लागलं तो आपल्या घराची वाट विसरायचा. वारं शहरात घुसू नये म्हणून उंबरकरी रोज तांबडं फुटताना एकटाच दरवाज्याच्या उंबऱ्यावर हात टेकवायचा आणि आपली एक आठवण त्याला सांगायचा. सांगितली की गेली, कायमची. तेवढ्यावर दरवाजा दिवसभर तगायचा. दंडक एकच होता, पोटच्या लेकराची आठवण द्यायची नाही.

"पण लेकराचं तर द्यायचं नसतं ना, दादा?"

"नसतं. वरण वाढ."

तो जेवला, हात धुतले आणि अंगणात बाजेवर जाऊन बसला. मग माय, मनकर्णाबाई, चुलीतलं लाकूड मागं ओढत बोलायला लागली.

"पोलीस ॲक्शनच्या वक्ताला तू नऊ वर्सांची व्हतीस. बाकीच्या दरवाज्यांवरले उंबरकरी गावाकडं पळाले. हे एकटे राहिले. पाच दिवस वारं काही थांबंना. रोज एक आठवण द्यायची, तिथं हे तासाला एक द्यायला लागले. आधी करमाडचं शेत दिलं, बैल दिले. मग त्यांची माय. मग आमचं लगीन. पाचव्या दिवशी काहीच उरलं नाय. फकस्त तू व्हतीस."

"सगळी दिली?"

"बारसं दिलं. पयलं पाऊल दिलं. तुला गोवर निघाला तवा मांडीवर घेऊन बसले व्हते, ते बी दिलं."

"मग तू सांगायचं ना त्यांना!"

"सांगितलं की, लई डाव सांगितलं. ऐकतात. शेजाऱ्याच्या घरचं ऐकावं तसं."

वच्छला रडू यायची वाट बघत राहिली. आलंच नाही. अंगाखाली दबून हात बधिर व्हावा, चिमटा काढला तरी दुसऱ्याचाच वाटावा, तसं आतून झालं होतं. तिनं ताटं उचलली, राखेनं घासली, पालथी घातली. घासलेलं एक ताट पुन्हा घासलं.

"त्याला सहा वर्सं झाली," ती म्हणाली. "आता रोज काय देतात?"

"आदल्या दिवसाचं. दुसरं हाय काय त्यांच्याजवळ?"

"माझं भाषण? परवा मी इथंच म्हणून दाखवलं. हसले होते ते! मिशीतल्या मिशीत, पण हसले होते."

"काल सकाळी दिलं. घरी आल्यावर मी विचारलं, तर ठावंच नव्हतं," माय म्हणाली. तिच्या आवाजात चढ नव्हता, उतारही नव्हता.

म्हणजे आज तिनं विचारलेलं उद्या सकाळी जाणार. उद्या ती जे करील ते परवा. बाहेर बाप बसला होता, आणि त्याच्या लेखी ती रोज संध्याकाळी नव्यानं घरात आलेली कुणीतरी होती.

"देताना जवळ कुणीच का नसतं गं?"

"ऐकणारं असलं की उंबरा अर्धंच घेतो. अर्धं सांगणाऱ्यापाशीच राहतं. म्हणून एकट्यानंच जायचं असतंय."

"आणि अर्ध्यावर दरवाजा तगत नाय?"

"कुणाला ठावं? आजवर कुणी करून बघितलंय?"

वच्छलानं हात परकराला पुसले. मायचा दंड धरून तिला अंगणात आणलं आणि बाजेसमोर उभी राहिली, भाषणाला उभी राहिली होती तशीच, पाय जुळवून.

"दादा, माय, ऐका दोघं. उद्यापासून दरवाज्यावर मी संगं येणार. दादा जे सांगतील ते शेजारी उभी राहून ऐकणार, रोज. वारं घुसलं तर घुसू द्या. वाट चुकलेल्यांना मी हाताला धरून घरी सोडीन, शाळेच्या आधी नायतर शाळा सुटल्यावर. पण उंबऱ्याला आता अर्धंच मिळंल."