एल्वीच्या स्वप्नातले बूट

अमेरिकेतल्या सुपीरियर सरोवराकाठच्या त्या गावात सगळी फिनलंडहून आलेली माणसं, आणि स्वप्न बर्फावर मांडायची त्यांची रीत जुनी. सकाळी कॉफीचा घोट घेण्याआधी स्वप्न सांगायचं. घरातल्या एकाने ते मुकाट्याने ऐकायचं आणि गोठलेल्या सरोवरावर जसंच्या तसं उभं करायचं. गिरमिटाने बर्फात भोकं पाडायची, त्यांत स्प्रूस या सूचिपर्णी झाडाची रोपटी रोवायची, वर पाणी ओतायचं. पाणी गोठलं की रोपटं हलत नाही. दोन्ही बाजूंना अशी झाडं लावली की स्वप्नातली वाट तयार. मग ज्याचं स्वप्न त्याने एकट्याने तिच्यातून चालायचं. चालता चालता विसरलेलं आठवतं, जाग आल्यामुळे राहून गेलेलंही दिसतं. मांडणाऱ्याने मात्र पदरचं काही घालायचं नाही. जिथलं आठवत नाही तिथे जागा मोकळी सोडायची.

लग्न झाल्यापासून एल्वीची स्वप्नं एर्कीच मांडत आला होता.

या वेळचं स्वप्न छोटं होतं. सरळ वाट, मग उजवीकडे वळण, पलीकडे लाकडी खोपटं आणि दारात बुटांचा जोड. बूट कुणाचे ते कळायच्या आत तिला जाग आली होती.

"तेवढं एकदा बघायचंय मला," ती म्हणाली.

डॉक्टरांनी हात टेकले होते. बर्फ वितळेपर्यंत ती राहील असं कुणी म्हणत नव्हतं.

बूट कुणाचे हे एर्कीने मनात केव्हाच ठरवून टाकलं. ओनीचे. एल्वीचं लग्न आधी ओनीशी ठरलं होतं. तो मासेमारीला गेला आणि होडीसकट बुडाला. त्यानंतर एर्की. एल्वीने पुढे ओनीचं नाव कधी काढलं नाही, आणि एर्कीला नेमकं तेच खुपत आलं होतं.

वळणापर्यंत त्याने झाडं बरोबर लावली. तिथून ती डावीकडे वळवली आणि वाट परत काठाला आणून सोडली. खोपटं मांडलंच नाही. थंडीत आजारी बाईला एवढं लांब कशाला चालवायचं, असं त्याने स्वतःला सांगितलं.

एल्वी काठी टेकत गेली. वळणावर बराच वेळ थांबली, उजवीकडच्या मोकळ्या बर्फाकडे बघत राहिली, मग झाडांमधून निमूट परत आली. काठावर शेजारची हिल्मा शाल घेऊन उभी होती. कुणी देखणा भेटला का, असं तिने चेष्टेने विचारलं. एल्वी हसली नाही.

"मला वाटलं उजवीकडे होतं," ती म्हणाली. "आजार आता डोक्यातही शिरला म्हणायचा."

एर्की म्हणाला, घरात चल, गारठशील.

त्या दिवसापासून तिने स्वप्न सांगणं सोडलं. उठल्याबरोबर कॉफी मागायची. वेलदोड्याचा गोड पाव करायचा तर माप चुकेल म्हणून पिठाला हात लावेना. मुलीचा फोन आला की म्हणायची, बाबांशी बोल, माझा घोळ होतो. तिचा कसलाही घोळ होत नव्हता. एर्की शेजारी बसून ऐकायचा. वाट आपणच वळवली हे तो सांगत नव्हता. सांगायचं तर ओनीचं नाव घ्यावं लागलं असतं.

शेवटी एका दुपारी त्याने डावीकडची झाडं कुऱ्हाडीने बर्फातून तोडून काढली आणि उजवीकडे रोवली. बर्फावर मासे धरताना बसायची आपली लाकडी खोपी ओढत नेऊन टोकाला उभी केली. तोवर एल्वीचं चालणं थांबलं होतं. त्याने तिला पांघरुणात गुंडाळून घसरगाडीवर बसवलं.

"डोकं गेलेल्या बाईला कुठे फिरवतोस रे?" ती कुरकुरली.

वळणावर तो थांबला.

"वाट इकडेच होती, एल्वी. मी वळवली."

"का?"

"बूट ओनीचे असतील असं वाटलं."



"म्हणजे माझं डोकं शाबूत आहे?"

"आहे."

"आणि माझा घोळ होतो असं मी रोज म्हणत होते, तू ऐकत होतास."

त्याने मान हलवली. गाडी दारापर्यंत ढकलली. जा, वळणामागे उभा राहा, असं तिने सांगितलं. तो जाऊन पाठ करून उभा राहिला. दारात ती किती वेळ रमते याची त्याला अजूनही धाकधूक होती, आणि त्याचीच त्याला लाज वाटली.

तिने हाक मारली तेव्हा तिचा चेहरा निवळलेला होता.

"छोटे बूट होते," ती म्हणाली. "माझे. लहानपणीचे. आई आत केस विंचरायला बोलवत होती." मग म्हणाली, "ओनी कुठून आला तुझ्या डोक्यात?"

एर्कीने गाडी घराकडे वळवली. बिछान्यावर पडल्यावर ती म्हणाली, "उद्यापासून माझी स्वप्नं हिल्मा मांडेल." आवाजात राग नव्हता. राग असता तर त्याला बरं वाटलं असतं.

दुसऱ्या दिवशी उजाडताच हिल्मा आली आणि तिने खोलीचं दार लावून घेतलं. एर्की चुलीपाशी बसून राहिला. आतून एल्वीचं बोलणं ऐकू येत होतं, शब्द कळत नव्हते. मध्येच ती हसली. मग हिल्मा बाहेर आली आणि त्याच्याकडे न बघता म्हणाली, झाडं लागतील, बरीच.

कुठे लावायची, ते त्याने विचारलं नाही. कुऱ्हाड घेतली आणि रानाकडे निघाला.