जेवताना दुकानाचा विषय नको

पोस्टमनने सही घेऊन पत्र हातात ठेवलं, तेव्हा बेल्मिरो बाटल्या धुवायचा ब्रश बांधत होता. पोर्तुगालमधल्या पोर्तो शहरात, त्या चढाच्या गल्लीत त्याचं ब्रशांचं दुकान बेचाळीस वर्षं होतं. पत्र मालकीणबाईंचं, दोना ग्रासिएतचं. इमारत हॉटेलवाल्यांना विकायची आहे, भाडेकरार संपवत आहोत, तीस दिवसांत लेखी हरकत आली नाही तर तुमची संमती समजू. खाली बाईंची थरथरती सही होती आणि बाकी सगळी भाषा वकिलाची होती.

शेजारचा न्हावी आदेरितो, त्यालाही तेच पत्र. तो दुसऱ्या दिवशीच वकिलाकडे धावला आणि संध्याकाळी बेल्मिरोच्या दारात उभा राहिला.

“पाच वर्षं मिळतायत बघ. पासष्टी उलटलेल्यांना कायदा असा हाकलू देत नाही. फक्त लिहून कळवायचं. मी आजच पाठवलं. तूही दोन ओळी खरड.”

“त्या बाईला मी नोटीस पाठवू?”

“तिने तुला पाठवलीच ना, गाढवा!”

“तिने नाही. तिच्या भाच्याने सही घेतली असणार.”

“मग भाच्याला पाठव!”

बेल्मिरोने हातातल्या ब्रशाची तार आवळली. त्याची बायको इदालिना अंथरुणाला खिळली होती, तेव्हा ह्याच दोना ग्रासिएत तीन महिने रोज दोन गल्ल्या उतरून यायच्या, तिला सूप भरवायच्या, तिचे केस विंचरायच्या. इदालिना गेली, आणि त्यानंतरच्या रविवारपासून बेल्मिरो दुपारी त्यांच्याकडे जेवायला जाऊ लागला. त्याला अकरा वर्षं झाली. अशा घरी रजिस्टर पत्र धाडायला त्याचा हात धजेना. आता ह्याला सभ्यपणा म्हणायचा की वेडेपणा, तुम्ही ठरवा. मला अजूनही त्याचा राग येतो.

बरं, तोंडी तरी बोलायचं. पण त्या घरात बाईंच्या नवऱ्याने घालून दिलेला एक नियम होता: जेवताना दुकानाचा आणि भाड्याचा विषय काढायचा नाही. नवरा जाऊन वीस वर्षं झाली तरी नियम पाळला जात होता.

त्या तीस दिवसांत चार रविवार आले. चारही रविवारी दोघं समोरासमोर बसली. कोबीच्या पानांचं सूप झालं, खारवलेला मासा झाला, मक्याचा पाव झाला. मासा यंदा खारट आहे, चर्चमधला नवा पाद्री फार भरभर बोलतो, असल्याच गप्पा झाल्या. चौथ्या रविवारी बेल्मिरो कोट घालत असताना बाई दाराशी बराच वेळ थांबल्या.

“काही सांगायचं राहिलं का हो, बेल्मिरो?”

“नाही, दोना ग्रासिएत. मासा छान होता.”

मुदत संपली. पुढच्या आठवड्यात विक्री झाली आणि दुकान रिकामं करायची तारीख आली. बेल्मिरोने घोड्याच्या केसांच्या जुड्या बांधल्या, लाकडी साचे खोक्यात भरले. इदालिना दुकानात बसायची ते स्टूल मात्र उचलवेना. शेवटी ते आदेरितोने उचललं आणि आपल्या दुकानात नेऊन ठेवलं.

किल्ली द्यायला बेल्मिरो स्वतः गेला. दिवस रविवारचाच होता. बाई जिन्यातच उभ्या होत्या. किल्ली हातात घेताच त्या म्हणाल्या,

“एक ओळ लिहायची होतीत हो. एकच ओळ!”

“मी? तुम्हाला?”

“मी रोज टपालाची वाट बघत होते. भाच्याला, टेल्मोला बजावून ठेवलं होतं, बेल्मिरोंचं ‘नको’ आलं तर विक्री नाही. वकील म्हणाला, उत्तर नाही म्हणजे त्यांना चालतंय. मला वाटलं, थकलात, सुटायचंय तुम्हाला. रविवारी सांगाल, सांगाल म्हणून वाट बघितली.”

“मला वाटलं, तुम्हाला अवघडल्यासारखं होईल.”

“आणि मला वाटलं, मी विचारलं तर तुम्ही भिडेपोटी राहाल.”

बेल्मिरो जिन्याच्या कठड्याला धरून उभा राहिला. आता काही होण्यासारखं नव्हतं. कागद नोंदले गेले होते.

“सूप निवतंय,” बाई म्हणाल्या.

दोघं बसली. बेल्मिरोने पाव मोडून सुपात बुडवला. चमचा खाली ठेवून तो म्हणाला,

“दुकानात मागच्या कोपऱ्यात छप्पर गळतं. पाच वर्षं झाली. इदालिनाच्या स्टुलाच्या बरोबर वर. मी खाली बादली ठेवायचो.”

बाईंनी मान वर केली. त्या टेबलावर इतक्या वर्षांत दुकानाचा शब्द पहिल्यांदाच निघाला होता. त्यांनी नवऱ्याच्या रिकाम्या खुर्चीकडे एकदा पाहिलं, मग बेल्मिरोकडे, आणि हाताआड नाही की रुमालाआड नाही, चेहरा न झाकता तशाच रडू लागल्या.

“आधी सांगायचं ना हो,” त्या म्हणाल्या. “लगेच माणूस पाठवला असता.”