झाकणाचे थेंब

“नाबे, बघ गं, थेंबच थेंब!” मकतोने वाडग्याचं झाकण उलटं करून माझ्या नाकापुढे धरलं. पलीकडे बसलेल्या सासूलाही ऐकू जावं इतक्या मोठ्याने म्हणाली, “माझी तोमी खुशाल आहे. तुमच्या पोस्टालाच पाय फुटत नाहीत.”

मी हसले. कसली हसले, नुसते दात दाखवले. लढाई आमच्या ओकिनावावर येणार म्हणून सरकारने शाळेची पोरं जहाजाने उत्तरेला क्यूशू बेटावर धाडली, त्यात नऊ वर्षांची तोमी. महिना झाला होता. आमच्याकडे परगावी गेलेल्याचं पान घरी रोज मांडतात. त्याच्या सुपाच्या झाकणाला आतून थेंब धरले, की माणूस सुखरूप.

जहाज दुसऱ्याच रात्री पाणबुडीने बुडवलं होतं. मकतोने लेकीला पाठवलेलं गरम कपड्यांचं पार्सल मी कामाला असलेल्या पोस्टात परत आलं, तेव्हा मला कळलं. पोलीस बजावून गेले, तोंड उघडलं तर तुरुंग. मी पार्सल घरी लपवलं आणि गप्प बसले. भित्री मेली, दुसरं काय!

पण त्या झाकणाने माझी झोप उडवली. एका दुपारी पार्सल काखेत मारून निघाले. म्हटलं, होईल ते होवो.

मकतो स्वयंपाकघरात होती. तिने सकाळचं गार सूप वाडग्यात ओतलं, पाण्यात बोटं बुडवली आणि झाकणाला आतून शिंपडलं. मग तिला मी दिसले. पार्सलही दिसलं.

“ठेव तिथे,” ती हळूच म्हणाली. “बंदरावरच्या हमालाने कधीच सांगितलंय मला.”

“मग हे काय गं?”

“सासूबाईंसाठी. त्यांना दिसत नाही, बोटांनी चाचपतात.”

“अगं, मग गरमच वाढ की. आपोआप धरतील.”

“तेच तर, नाबे. खरे थेंब बघितले की वाटायला लागतं, आहे माझी पोर. नाही सोसवत.”

तेवढ्यात भिंत चाचपत तिच्या सासूबाई, उतोआजी आल्या. रोजच्यासारखं झाकण उचललं, आतून बोट फिरवलं. पण आज “खुशाल आहे हो” म्हणाल्या नाहीत. वाडग्यावर तळवा ठेवून बसून राहिल्या.

“सूनबाई, साठ वर्षं चूल फुंकली मी. गार वाडग्याला कुठले गं थेंब?”

मकतोने ओली बोटं पुसली.

“हमाल सांगत होता ते मीही ऐकलंय. कढत वाढत जा,” आजी म्हणाल्या. “पाण्यात गारठली असेल पोर.”

मकतोने सूप पातेल्यात परत ओतलं आणि चुलीत लाकूड सारलं. मी फुंकणी घेतली.