पाझरत्या भिंतीवरची मार्केन्शिया

मित्रांनो, मी मार्केन्शिया. कात्रजच्या उतारावर एक दगडी भिंत होती, तिच्यावर वाढलेली एक जुनी वनस्पती. तुमच्यापैकी बरेच जण मला पाहताच 'शेवाळ' म्हणतील आणि चपलेच्या टोकाने खरवडून बघतील. मला त्याची सवय आहे. पण मी शेवाळ नव्हे. माझ्या कुळाला यकृतका म्हणतात, कारण आमचं चपटं, खाचाखाचांचं अंग यकृतासारखं दिसतं. हरिता आणि शृंगका ही आमची जवळची भावंडं. शास्त्रज्ञ आम्हा सगळ्यांना वनस्पतीसृष्टीतले उभयचर म्हणतात. आम्ही राहतो जमिनीवर, पण पाण्यावाचून आमचा वंश पुढे जात नाही.

मला खरं मूळ नाही, खोड नाही, पान नाही, फूल तर नाहीच. अंगाखाली केसांसारखे मूलाभ असतात, त्यांनी मी दगडाला धरून राहते. पाठीवर बारीक वाट्या असतात. वाट्यांत हिरव्या टिकल्या तयार होतात आणि पावसाचा थेंब वाटीत आपटला की त्या उडून लांब पडतात. ओल मिळाली तर तिथेच रुजतात. माझा जन्मही असाच झाला. आमच्यात नर आणि मादी रोपं वेगवेगळी असतात. दोन्ही जवळपास असली तरच बीजाणू तयार होतात. आमच्या भिंतीवर नर रोप कधी आलंच नाही. त्यामुळे तिथे जी काही हिरवळ पसरली ती वाट्यांतून उडालेली, म्हणजे सगळी मीच.

पुण्यात कॉम्प्युटरच्या कंपन्या येऊ लागल्या तेव्हाची ही गोष्ट. टेकडी कापून वर मोठी सोसायटी उभी राहिली, आणि कापलेली माती सरकू नये म्हणून ही भिंत बांधली. पायथ्याशी आधीपासूनच विटांच्या घरांची एक ओळ होती. मागचं पाणी निघून जावं म्हणून भिंतीत नळ्या सोडल्या होत्या. त्यांतल्या एका नळीखाली मी राहत होते. वरच्या कोरड्या दगडांवर प्लॅजिओकॅझ्मा नावाची माझी चुलतबहीण होती. तीही यकृतकाच, पण तिची तऱ्हा वेगळी. पावसाळा संपला की ती कडा आत वळवून घेते, काळी पडते आणि पुढच्या पावसापर्यंत निजून राहते. मला ते जमत नाही. मला बारा महिने ओल लागते.

माझ्या समोरच्या घरात दशरथ राहायचा. तो दुधाच्या गाडीवर कामाला होता. बायको चंद्रभागा, मुलगी अक्षता. शेजारी यमुनाबाई एकट्याच राहायच्या. नळीतून ठिबकणाऱ्या पाण्याखाली त्या बादली लावायच्या आणि त्यावर भांडी घासायच्या. अक्षता लहानपणापासून माझ्या वाट्यांत बोट घालून टिकल्या काढायची. बारावीनंतर गल्लीतला जो तो कॉम्प्युटरचा कोर्स करत होता, तेव्हा तिने वनस्पतिशास्त्र घेतलं.

"झाडं शिकून नोकरी लागते का गं?" चंद्रभागेने विचारलं.

"लागली तर लागेल," दशरथ म्हणाला. "तिला आवडतंय ना? मग शिकू दे."

ते माझे सुखाचे दिवस होते. मग सोसायटीच्या लोकांनी तक्रार केली. नळ्यांमुळे चिखल होतो, डास होतात, खालच्या लोकांची गर्दी असते. एक दिवस गवंडी आला आणि त्याने सगळ्या नळ्यांची तोंडं सिमेंटने बुजवली. वर लॉनला रोज पाणी चालूच होतं. ते पाणी आता जाणार कुठे? ते भिंतीमागे साठत गेलं आणि दगडांच्या सांध्यांतून घामासारखं झिरपू लागलं. माझ्या टिकल्या जिथे पडतील तिथे रुजल्या. दोन-तीन वर्षांत मी जवळजवळ सगळी भिंत व्यापली. चुलतबहीण मागे हटत हटत अगदी वरच्या थरावर गेली. भिंत हिरवीगार दिसत होती. इतकी मी कधीच वाढले नव्हते.

अक्षता शेवटच्या वर्षाला होती. एका सकाळी तिने माझा तुकडा डब्यात घालून कॉलेजात नेला. प्रयोगशाळेत सुहासिनी मॅडमनी तो भिंगाखाली धरला. वर्गाला माझ्या वाट्या दाखवल्या, छत्रीसारखे दांडे दाखवले, कौतुक केलं. मग सहज विचारलं, "कुठे मिळालं गं तुला?"

"आमच्या घरामागच्या भिंतीवर, मॅडम. सगळी भिंत भरलीय."

"जमवलंस कधी?"

"आज सकाळी."

मॅडमनी भिंग खाली ठेवलं. खिडकीबाहेर एप्रिलचं रणरणतं ऊन होतं. "आणि प्लॅजिओकॅझ्मा? मागे तू आणली होतीस ती?"

"ती आता फक्त वरच्या कडेला उरलीय. पूर्वी ती होती तिथे सगळीकडे आता हीच आहे."

"अक्षता," मॅडम हळू आवाजात म्हणाल्या, "एप्रिलात भिंत एवढी ओली आहे, म्हणजे मागे पाणी साठलंय. भिंतीखाली कोण राहतं?"

"आम्हीच राहतो, मॅडम."

त्याच संध्याकाळी दोघी सोसायटीच्या अध्यक्षांकडे गेल्या. गोपाळकृष्ण त्यांचं नाव. बँकेतून निवृत्त झालेले, कडक इस्त्रीचे गृहस्थ. त्यांना घेऊन दोघी खाली भिंतीशी आल्या.

"म्हणजे आता आमच्या भिंतीची तब्येत शेवाळ सांगणार?" ते म्हणाले.

"शेवाळ नाही हो, यकृतका," मॅडम म्हणाल्या.

"तेच ते."

"तेच ते नाही. पावसाळ्यापुरती ओल असती तर इथे दुसरी जात दिसली असती. हिला वर्षभर पाणी लागतं. नळ्या उघडा, एवढंच आमचं म्हणणं आहे."

"काका, खाली माणसं राहतात," अक्षता म्हणाली.

"कळलं. मी इंजिनिअरला विचारतो."

आणि त्यांनी खरंच विचारलं. बिल्डरचा इंजिनिअर आला, गाडीतून उतरून त्याने लांबूनच भिंत पाहिली. "हिला काही होत नाही. डाग तेवढे काढून टाका, सर. वाईट दिसतात."

दुसऱ्या आठवड्यात माणसं आली. त्यांच्या हातात तारेचे ब्रश होते. त्यांनी मला दगडादगडावरून खरवडलं. माझे ढीग पायथ्याशी पडले आणि उन्हात वाळले. नंतर भिंतीला चुना मारला. एका टोकाला, नाल्याच्या बाजूला, त्यांची शिडी पोचत नव्हती. तेवढ्या कोपऱ्यात मी वाचले. बाकीची भिंत पांढरीशुभ्र झाली आणि सगळ्यांना वाटलं की ओल गेली.

अक्षताला तसं वाटलं नाही. तिने घरात हट्टच धरला. "पप्पा, पावसाळाभर मांजरी गावात मामाकडे राहू या."

दशरथने मागच्या खिडकीतून भिंतीकडे पाहिलं. मग म्हणाला, "तुला शिकवलं, आता तुझं ऐकायला नको का? तुम्ही दोघी जा. मला मांजरीहून पहाटे गाडीवर यायला जमणार नाही. मी पुढच्या खोलीत झोपीन."

दोघी गेल्या. ओळीतली आणखी एक-दोन कुटुंबं गेली. यमुनाबाई हलेनात. "आता तर भिंत पांढरीफेक हाय की. आन् मला कोण घालतंय घरात?"

जुलैत पावसाने ठाण मांडलं. एका सकाळी दशरथ दूध टाकून परत आला आणि गल्लीच्या तोंडाशीच थबकला. भिंत मधोमध फुगली होती. चुन्याला भेगा गेल्या होत्या आणि त्यांतून लाल गढूळ पाणी येत होतं. तो ओरडत दारोदार धावला. माणसं लेकरं घेऊन बाहेर पळाली. शेवटी तो यमुनाबाईंच्या दारात पोचला.

"मावशी, चला!"

"अरं, थांब. स्टो तर बंद करते."

"राहू द्या तो!"

त्याने त्यांना दंडाला धरून बाहेर ओढलं आणि गल्लीत जोराने ढकललं. यमुनाबाई पडल्या, त्यांचा हात मोडला. दशरथ उंबऱ्यावरच होता. भिंत आली ती सगळी एकदम आली, दगड, माती आणि आत इतके दिवस कोंडलेलं पाणी. आवाज थांबल्यावर नुसता पाऊस ऐकू येत होता. मी माझ्या कोपऱ्यातून ते सगळं पाहिलं.

त्याला काढायला संध्याकाळ झाली. अक्षता आणि चंद्रभागा मांजरीहून आल्या तेव्हा ढिगाऱ्याभोवती दोरी बांधली होती. अक्षता रडली नाही. गोपाळकृष्ण वरून छत्री न घेता खाली आले आणि तिच्यासमोर भिजत उभे राहिले.

"बाळ, मी इंजिनिअरला विचारलं होतं."

"हो," अक्षता म्हणाली. "आणि आम्ही तुम्हाला सांगितलं होतं."

 ते तसेच वर निघून गेले.

ओळीतल्या लोकांना महापालिकेच्या शाळेत ठेवलं होतं. यमुनाबाई कुणाशी बोलत नसत, जेवत नसत. "माझ्यापायी गेला," एवढंच म्हणत. तिसऱ्या दिवशी चंद्रभागा फणी घेऊन त्यांच्यामागे जाऊन बसली. हात प्लॅस्टरमध्ये असल्यामुळे त्यांना वेणी घालता येत नव्हती. चंद्रभागेने त्यांचे केस विंचरले, घट्ट वेणी घातली. मग दोघी मोठ्याने रडल्या. हे मी पाहिलं नाही. अक्षताने पुढे मॅडमना सांगितलं, तेव्हा मी टेबलावर होते.

कारण तिने मला कोपऱ्यातून सोडवून कॉलेजात आणलं होतं. उरलेली भिंत पाडून तिथे सिमेंटची नवी भिंत झाली. बिल्डरची चौकशी बरीच वर्षं चालली. तिचं काय झालं ते कुणी विचारत नाही. घरांची ओळ पुन्हा बांधलीच नाही. मी काचेच्या ट्रेमध्ये वाढत राहिले. पुढे वनस्पतिशास्त्राला मुलं येईनाशी झाली, प्रयोगशाळेत कॉम्प्युटर आले आणि माझा ट्रे मागच्या व्हरांड्यात गेला. सुहासिनी मॅडम निवृत्त झाल्या. आता अक्षता तिथेच शिकवते. वर्गात हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी मुलं असतात. ती त्यांना घेऊन शहरातल्या भिंती बघत हिंडते. मुलं चेष्टा करतात, पण जातात.

गेल्या उन्हाळ्यात तिची तनया नावाची विद्यार्थिनी धावत व्हरांड्यात आली. "मॅडम, आमच्या सोसायटीच्या मागच्या भिंतीवर हीच आहे. मे महिन्यात! मी कमिटीला सांगितलं."

"मग?"

"आधी हसले. मग मी वडिलांना घेऊन गेले. आज नळ्या उघडल्या. दिवसभर इतकं घाण पाणी आलं की लोक माझ्यावरच चिडलेत."

अक्षताने मान हलवली आणि ती खुर्चीवर बसली.  "चिडू देत," ती म्हणाली.

मित्रांनो, त्या भिंतीखाली कोण राहतं, मला माहीत नाही. त्यांनाही तनयाचं नाव माहीत नसेल. त्या पावसाळ्यात तिथे काहीच घडलं नाही, म्हणून पेपरात काही आलं नाही. आम्हाला देवघरात ठेवा असं मी म्हणत नाही. खरवडायचं असेल तर खुशाल खरवडा, आम्ही पुन्हा येऊ. पण हातात ब्रश घेण्याआधी खाली वाका, आम्ही कोण आहोत ते नीट ओळखा, आणि भिंतीपलीकडे काय साठलंय ते एकदा तरी बघून या.