गैरहजेरीचं कारण

साल १९७४. सांगलीच्या दिवाणी कोर्टाच्या व्हरांड्यात नानासो वकिलांनी अर्ज पुन्हा उलगडला आणि सुकुमारअण्णांसमोर धरला.

"अण्णा, मिरजेत ओळखीचे डॉक्टर आहेत. पोरीला कावीळ झाली होती म्हणून दाखला आणतो. विषय संपला."

"झाली न्हाई ती कावीळ लिवायची कशी? खोटं न बोलायचं व्रत हाय माजं."

"मग खरं लिहू."

अण्णा समोरच्या लिंबाकडं बघत राहिले. "ते चारचौघांत बोलायचं न्हवं."

"आणि ऐन परीक्षेत अडचण आली, तर पुन्हा दावा लावायचा का?"

अण्णा हसले नाहीत.

बाकाच्या टोकाला बसलेल्या त्यांच्या लेकीनं, गुणमालेनं, पदर सारखा केला. महिनाभर ती हेच ऐकत आली होती. तिचं बी.ए.चं शेवटचं वर्ष. हजेरी कमी भरली म्हणून कॉलेजनं तिचा परीक्षेचा अर्ज अडवला होता. हे वर्ष गेलं तर पुढचं मिळणार नव्हतं. कुरुंदवाडचं स्थळ थांबायला तयार नव्हतं. आणि कारण तर त्यांच्या गावच्या, आष्ट्यातल्या कुठल्याही बाईनं सांगितलं असतं. अडचण आली की घरातल्या बायका मागच्या सोप्यात वेगळ्या बसायच्या. ताट वेगळं, कांबळं वेगळं. अण्णांच्या घरी तर हे फार कडक. एस.टी.त दहा जणांना शिवत सांगलीला जाणं दूरच राहिलं. इकडं ती उंबऱ्याबाहेर बसून पुस्तक वाचायची, आणि तिकडं कॉलेजात तिची गैरहजेरी लागायची.

पुकारा झाला. तिघं आत गेले.

"अर्जात नुसतं 'घरगुती अडचण' लिहिलंय," न्यायाधीश म्हणाले. "दर महिन्याला येणारी ही कसली अडचण?"

नानासोंनी अण्णांकडं पाहिलं. अण्णा आपल्या पायाच्या अंगठ्याकडं बघत होते.

"नवीन सिनेमा लागत असेल, साहेब," कॉलेजचे वकील म्हणाले. मागं कुणीतरी हसलं.

गुणमाला उठून उभी राहिली.

"साहेब, मी त्या दिवसांत बाहेर बसते. आमच्यात शिवत न्हाईत."

हसणं थांबलं. कॉलेजच्या वकिलांनी घसा साफ केला. "हे आत्ता सुचलेलं दिसतंय. याला पुरावा काय?"

"आजबी मी बाहेरचीच हाय," ती हळू म्हणाली. "घरात सांगितलं असतं, तर ही तारीखबी चुकली असती."

अण्णांचा हात बाकावर होता, तिच्या पदराला लागून. सकाळी बापलेक एस.टी.त एकाच सीटवर बसून आले होते. अण्णांनी हात उचलला, क्षणभर तसाच अधांतरी धरला, आणि कुठं ठेवावा ते न कळून पुन्हा तिथंच ठेवला.

परीक्षेला बसू द्यावं, निकाल मात्र दाव्याचा निवाडा होईपर्यंत राखून ठेवावा, असा हुकूम झाला. गुणमालेनं पेपर दिले. उन्हाळ्यात तिचं लग्न झालं. दावा तारखांमागून तारखा खात राहिला आणि शेवटी फेटाळला गेला. असलं कारण नियमात बसत नव्हतं. ती पास झाली होती की नाही, हे कुणालाच कळलं नाही. पुढं दोन मुलं झाल्यावर तिनं बाहेरून परीक्षा दिली आणि कुरुंदवाडच्या शाळेत इतिहास शिकवला. नानासोंनी विद्यार्थ्यांचे दावे घेणं सोडलं आणि उसाच्या वजनाच्या भांडणांवर बंगला बांधला.

कोर्टातून परतल्यावर अण्णांनी त्या संध्याकाळी विहिरीवर अंघोळ केली, धोतर बदललं आणि जेवायला बसले. लेकीला ते एका शब्दानं बोलले नाहीत. खोटं न बोलायचं व्रतही त्यांनी मरेपर्यंत पाळलं. फक्त धाकटी लेक चंदनबाला कॉलेजात जायला लागली तेव्हापासून ते पहाटे, पोर उठायच्या आत, आपल्या दुकानाची किल्ली घेऊन बाहेर पडू लागले. परतायचे ते दिवेलागणीला, आणि घरात शिरण्याआधी दारातून खाकरायचे. इतक्या पहाटे कोण गिऱ्हाईक येतं, असं त्यांच्या बायकोनं कधी विचारलं नाही. आज कोण बाहेर बसलंय, हे अण्णांनीही घरात कधी विचारलं नाही.

चंदनबालेची हजेरी पुरेपूर भरली.