जुन्या बोटीबरोबर एक हंगाम

पनवेल बंदरात शिडाचा जुना मचवा विकला गेला की तो चालवणारा तांडेलही एक हंगाम नव्या मालकाकडे जाई. लाकडाला सवयी असतात. कोणत्या वाऱ्यात मचवा कुठल्या अंगाला कलतो, सुकाणू कधी जड होतं, हे तोंडी सांगून समजत नाही. शेजारी उभं राहून दाखवावं लागतं. हंगाम सरला की नवा मालक तांडेलला धोतरजोडी देऊन घरी पाठवी. सफूराचा नवरा ताहेर पोरवयात काळूराम तांडेलच्या हाताखाली असाच हर्णैला जाऊन आला होता. पुढे तो नौदलात बॉयलरवर लागला, पण बोट दुसऱ्याच्या हाती देण्याची रीत त्याच्या लेखी तीच राहिली.

देशाची वाटणी झाली तशी नौदलाच्या बोटींचीही झाली. ताहेरची बोट महायुद्धात समुद्रातले सुरुंग काढून थकलेली. ती कराचीच्या वाट्याला गेली. रजेवर आलेला ताहेर जेवता जेवता म्हणाला, "मी बोटीबरोबर जातो. तिकडची मानसं नवी. दोन नंबरच्या बॉयलरचा व्हॉल्व्ह चिकटतो, त्यांना काय म्हाईत? वाफ कोंडली तर भाजतील."

"म्हातारीची भारी फिकीर तुमाला!" सफूराने बोटीवरून चिडवलं.

"म्हातारी हाय म्हनूनच. तू जवान हायस, थांबशील." तो हसला. "पुढच्या ईदला येतो."

सफूराही हसली. त्या हसण्याचा तिला पुढे फार राग आला.

बोटीवर साहेबाने प्रत्येकाला विचारलं, इकडे राहणार की तिकडे? ताहेरने सांगितलं, बोटीबरोबर. साहेबाने त्याचा अर्थ तिकडचा देश असा घेतला. ताहेर मात्र हंगामावर निघाला होता.

ईदच्या तोंडावर परवान्याचा कायदा आला; सरकारी परवान्याशिवाय तिकडून इकडे येता येईना. शिवाय तिकडच्या नौदलातल्या नोकरीची मुदत भरेपर्यंत त्याला सुटका नव्हती. काळूराम ओटीवर येऊन बसे.

"येनार गो तो. माझ्या हाताखालचा हाय. काम टाकून येनार नाय, पन संपल्यावर ऱ्हानार बी नाय."

"मचवा असता तर आला असता, तांडेल. मचव्याला कुठं देश असतो?"

भाताच्या तोपावरचं झाकण थरथरू लागलं की सफूरा ते थोडं सरकवून ठेवी. वाफेला वाट मिळे, थरथर थांबे. तिकडेही आत्ता कोणी व्हॉल्व्हशी झटत असेल, तिच्या मनात येई. मग ती चुलीपाशी उगाच बसून राही.

पासपोर्ट-व्हिसाचे दिवस आले, मुदतही भरली, तेव्हा ताहेर आला. कानांजवळ पांढरा झालेला. पोलीस ठाण्यातला हवालदार लहानपणी त्याच्याबरोबर खाडीत पोहलेला. त्याने आधी चहा पाजला, मग परदेशी म्हणून नोंद केली.

"बोट?" सफूराने विचारलं.

"भंगारात गेली. व्हॉल्व्ह शेवटपर्यंत चिकटला. पन कोन भाजला नाय."

"मग झालं काम. आता ऱ्हावा."

ताहेर हातातला पेला फिरवत राहिला. "हितं ऱ्हायचा अर्ज केलता. नाय म्हनाले. मला हितं ऱ्हायला मिळनार नाय, सफूरा. तुला तिथं मिळंल. गोदीत नोकरी हाय, एक खोली हाय."

"खोलीतून खाडी दिसते?"

"भिंत दिसते."

"खोटं तरी बोलायचं!"

"तुझ्याशी?"

त्या दुपारी तिने घर झाडलं, पुन्हा झाडलं. एवढी वर्षं तिने हे घर त्याच्यासाठी राखलं होतं, आणि आता तो त्यात पाहुण्यासारखा चटईच्या कडेला झोपला होता. तिला त्याच्या श्वासाचा आवाज ऐकू येत होता. तो निघून गेला आणि हा आवाज पुन्हा थांबला, तर या घरात ऐकण्यासारखं काय उरणार होतं?

दुसऱ्या दिवशी ती स्वतःहून बाजारातल्या फोटोवाल्याकडे निघाली. ताहेर काही न विचारता मागून आला. कराचीला जायच्या पासपोर्टसाठी फोटो लागत होता. तिचा फोटो आजवर कोणी काढला नव्हता. स्टुलावर बसून तिने पदर नीट केला.

"इकडे बघा बाई, भिंगाकडे."

भरती लागली होती. बंदरावरून खलाशांच्या हाका येत होत्या. सफूराची नजर पुन्हा पुन्हा उघड्या दाराकडे जात होती.

"दार लोटू?" ताहेरने हळूच विचारलं.

"नको, ऱ्हाऊ द्या," ती म्हणाली. "बघते मी भिंगाकडे."