गुंडुलाबाईंच्या गुलाबाचं बारसं

आमच्या गावात बघण्यासारखं एकच आहे, ते म्हणजे गुलाबांची बाग. किल्ला नाही, तळं नाही, आणि चर्च असं की त्याचा फोटो काढायलाही कुणी मान वर करत नाही. शंभर वर्षांपूर्वी एका उमरावाच्या बायकोने नवऱ्यावर रुसून अंगणभर गुलाब लावले आणि ती रुसतच राहिली, म्हणून बाग एवढी मोठी झाली. जूनमध्ये हॉलंडहून बसगाड्या यायला लागल्या की हॉटेलवाल्यांपासून फाटकाशी केक विकणाऱ्या माझ्यापर्यंत सगळ्यांच्या चुली पेटतात.

या बागेच्या गाईड म्हणजे गुंडुला रॅम्स. त्यांच्या आवाजाने कळ्या दचकून उमलतात, असं आम्ही म्हणायचो. कुणी फुलाला नुसतं बोट लावलं तरी बाईंच्या छत्रीचं टोक त्याच्या बरगडीत शिरायचं.

यंदा त्यांच्या नोकरीला तीस वर्षं झाली, म्हणून नव्या गुलाबाला त्यांचं नाव द्यायचं ठरलं. तो गुलाब तयार केला होता बागेचे जुने माळी फोल्कमार त्सिपेल यांनी. हा माणूस उंच, वाकलेला आणि बोलण्यात इतका कंजूष की 'सुप्रभात'मधला 'सु' घरीच ठेवून येतो.

गुलाबाचं बारसं आमच्याकडे थाटात होतं. आधी त्याचं वर्णन वाचायचं, मग नाव पुकारायचं आणि झुडपावर फसफसती वाइन ओतायची. गुंडुलाबाई केस सेट करून, निळा सूट घालून, हातात बाटली धरून उभ्या राहिल्या. समोर तीन बसगाड्यांची गर्दी. आमचे नगराध्यक्ष एगॉन यांनी घसा खाकरला आणि त्सिपेलांनी लिहिलेलं वर्णन वाचायला घेतलं.

"'गुंडुला'. रंग लालभडक. बांधा आडवा. काटे मोठे आणि भरपूर."

मागे कुणीतरी फिसकन हसलं.

"सुगंध नावापुरता. पावसात फुलाचा चेहरा सुजतो. छाटायला गेलं तर सहन करत नाही. शेजारी दुसरं झाड लावू नये, टिकत नाही."

"थांबा!" गुंडुलाबाई म्हणाल्या. "हे लिहिलं कुणी?"

"मी," त्सिपेल अभिमानाने म्हणाले. "एकेक शब्द तोलून लिहिलाय."

"तोललास? थांब, तुला दाखवते तोलून!"

इतकी वर्षं त्यांना 'तुम्ही' म्हणणाऱ्या बाई एका दमात 'तू'वर आल्या आणि अख्खी बाटली त्यांच्या डोक्यावर उपडी केली.

गर्दीने टाळ्यांचा कडकडाट केला. एका डच आजींनी माझा हात धरून विचारलं, "ही प्रथा फार जुनी आहे का हो?" माझ्या तोंडात केकचा घास होता. मी नुसती मान डोलावली.

त्या मानेनेच सगळं सुरू झालं. पुढच्या रविवारी पाच बसगाड्या आल्या. गुलाबांकडे कुणी ढुंकून बघेना. सगळ्यांचा एकच प्रश्न, "ओतायचं कधी?"

एगॉन धावत बाईंकडे गेले. "बाई, गावाच्या पोटाचा प्रश्न आहे!"

"मी त्या माणसाचं तोंड बघणार नाही."

"नका बघू. मागून ओता!"

त्सिपेलांना विचारलं, तर ते एवढंच म्हणाले, "खुर्ची गुलाबाजवळ ठेवा."

तेव्हापासून दर रविवारी ते मासेमारीचा रेनकोट घालून झुडपाशेजारी बसायचे. एगॉन वाचायचे, 'टिकत नाही'ला बाई ओतायच्या आणि माझे केक दुपारपर्यंत फस्त व्हायचे. बाईंना हळूहळू त्यात गोडीच लागली. बाटली आधी हलवून घ्यायचं त्यांचं त्यांनीच शोधून काढलं.

एका रविवारी बाटली डोक्यावर आली आणि त्सिपेल रेनकोटातून पुटपुटले, "शेवटच्या ओळी कुणी ऐकतच नाही. तू आधीच ओततेस."

बाईंचा हात थांबला. "कसल्या ओळी? एगॉन, वाचा!"

एगॉन यांनी कागद जवळ धरला, लांब धरला. "'कडाक्याच्या थंडीत बाकीची झाडं माना टाकतात, ही गुंडुला तशीच उभी असते. एकच झाड ठेवायचं झालं, तर मी हेच ठेवीन.'"

गुंडुलाबाईंचा चेहरा लालभडक झाला. त्सिपेल आपल्या बुटांकडे बघत बसले. मागच्या रांगेतले पाहुणे मात्र ओरडत होते, "ओता! ओता!"

बाईंनी बाटली तोंडाला लावून एक मोठा घोट घेतला. मग त्या वळल्या. "एगॉन, इतके रविवार कागद कुणाच्या हातात होता?"

"बाई, अहो, मी..." एगॉन म्हणेपर्यंत त्यांचा टाय फसफसत होता.

हे लोकांना आणखीनच आवडलं. आता खुर्चीवर नगराध्यक्ष बसतात आणि बघायला नुसते पाहुणेच नाहीत, तर गावातले करदातेही येतात. बाटली धरायला माणूस कमी पडत नाही.

त्सिपेल आणि गुंडुलाबाई तेवढा वेळ माझ्याकडे आलुबुखाराचा केक खात बसतात.

"ती चेहरा सुजण्याची ओळ काढ," बाई म्हणतात.

"खरी आहे ती."

"काढ म्हणते ना!"

ते काढत नाहीत. मग बाई त्यांच्या बशीतला केक ओढून घेतात, आणि ते मला बोटाने खूण करतात, अजून एक.